थांब्या नावाचा तारा

नोकरीत असेपर्यंत मी आभाळ फुगवायचं काम केलं. लग्नाच्या मांडवात कोणी विचारलं आणि मी असं उत्तर दिलं, की समोरचा हळूच खुर्ची सरकवायचा. म्हणून आधी खुलासा करतो.

विज्ञानाचा प्रसार करणाऱ्या एका संस्थेची गाडी होती. तिच्यात जाड काळ्या कापडाचा एक घुमट घडी घालून ठेवलेला असे. शाळेच्या मोठ्या खोलीत तो अंथरायचा, पंखा लावायचा, की हवा भरून तो उभा राहायचा. एका बाजूला कापडाचाच बोगदा, त्यातून पोरांनी रांगत आत यायचं. मध्यभागी स्टुलावर एक नळकांडं आणि त्याच्या पोटात बारीक बल्ब. नळकांड्याला भोकं पाडलेली. एक भोक म्हणजे एक तारा. ठळक ताऱ्याला मोठं भोक, मंद ताऱ्याला बारीक. ज्येष्ठा आणि काक्षी हे तारे तांबडे, म्हणून त्यांच्या भोकांवर लाल जिलेटिनचा कपटा चिकटवलेला. बल्ब लावला की घुमटावर आकाश उमटायचं आणि नळकांडं हाताने फिरवलं की ते पूर्वेला उगवायचं, पश्चिमेला मावळायचं. बाहेर टळटळीत दुपार आणि आत रात्र. याला फिरतं तारांगण म्हणतात. चंद्रपूर आणि गडचिरोली या दोन जिल्ह्यांतली जंगलातली बहुतेक गावं मी हे आकाश घेऊन पाहिली.

या धंद्यात पहिला शत्रू वीज मंडळ. लाईन गेली की पंखा बंद आणि सप्तर्षी हळूहळू खाली येऊन पोरांच्या डोक्यावर बसायचे. दुसरा शत्रू पायांचा वास, त्याबद्दल दिवाळी अंकात लिहीत नाही. एका गावचे मुख्याध्यापक आपलं जन्मनक्षत्र जरा मोठं करून दाखवा म्हणून मागे लागले होते. आणखी एका गावात बोगद्यातून बकरी आत आली, ती शेवटपर्यंत बसली आणि पोरांपेक्षा शांत बसली. धानोऱ्याकडचे एक आजोबा बाहेर आल्याबरोबर कपाळावर हात धरून सूर्य जागेवर आहे का ते पाहू लागले. आहे म्हटल्यावर त्यांनी बिडी पेटवली.

संपादकांनी गमतीजमती लिहा असं कळवलं होतं, त्या लिहून झाल्या. आता जे लिहायला बसलो ते लिहितो.

सुरुवात चिमूरकडच्या एका शाळेत झाली. मोहाचे दिवस होते. मोहाची फुलं पहाटे गळतात, उजाडायच्या आत बायामाणसं टोपल्या घेऊन जंगलात वेचायला जातात, म्हणून त्या दिवसांत मी मुद्दाम पहाटेचं आकाश दाखवायचो. दक्षिणेला विंचू म्हणजे वृश्चिक, त्याचं काळीज म्हणजे ज्येष्ठा, त्याची नांगी म्हणजे मूळ. गावकऱ्यांचा खेळ चालू होता. अंधारातून एका बाईमाणसाचा आवाज आला, "आन् थांब्या कुठी आहे?"

मी विचारलं, थांब्या कोण? दिवा लावला, तर सगळे खाली मान घालून बसलेले. कोणी विचारलं ते कोणीच सांगेना. बोगद्यातून बाहेर पडतानाही त्या दिवशी कोणी हसलं-बोललं नाही.

नंतर कितीतरी दूर, धानोऱ्याच्या बाजूच्या एका आश्रमशाळेत स्वयंपाकीणबाई खेळ पाहायला आल्या. विंचू दिसल्याबरोबर त्यांनी नांगीच्या खाली, जरा डावीकडे, क्षितिजाजवळ हाताचं कोपर करून दाखवलं. बोट नाही, कोपर. तिथं एक राहिला म्हणाल्या. मी विचारलं, कोणता? तर म्हणाल्या, थांब्या, आणि पदर तोंडावर धरून गप्प बसल्या. चिमूरचा आवाज माझ्या कानात होताच. मग मी गावोगाव विचारू लागलो. बहुतेक ठिकाणी लोक नाही म्हणाले. काही ठिकाणी जे नाही म्हणाले त्यांचं नाही मला पटलं नाही. जिथं कोणी बोललं तिथं गोष्ट एकच निघाली. थांब्या रोज नसतो. मोहाच्या दिवसांत एखाद्या पहाटे येतो, तांबडा, न लुकलुकणारा, आणि सगळ्यांना दिसत नाही. ज्याला दिसला त्याने बोट दाखवायचं नाही, फक्त "थांबा" म्हणायचं आणि आहे तिथं खाली बसायचं. त्या दिवशी जंगलात जायचं नाही. का, ते विचारायचं नाही.

घरी आल्यावर मी नकाशे काढून बसलो. त्या जागेत नुसत्या डोळ्यांना ठळक दिसेल असा एकही तारा नाही. तेज कमीजास्त करणारे तारे असतात, त्यांतलाही तिथं असा कोणी नाही. ग्रह त्या वाटेने जातच नाहीत. मोबाइलच्या टॉवरचा लाल दिवा म्हणावा, तर टॉवर नव्हते तेव्हापासूनची ही गोष्ट. आमच्या घरात बुद्धवंदना व्हायची आणि वंदना झाली की बाबा रोज सांगायचे, तपासल्याशिवाय काही मानायचं नाही. मी तपासलं, तारा नव्हता. विषय तिथं संपायला हवा होता.

पण गोंडपिपरीच्या पुढच्या एका गावाहून गेडाम सरांचा फोन आला. गावाचं नाव लिहीत नाही, कारण तिथली माणसं चांगली आहेत. गेडाम सर तिथल्या शाळेत शिक्षक. माणूस सरळ, आवाज मोठा, पण त्या दिवशी फोनवर हळू बोलत होते.

झालं होतं ते असं. त्या गावात सिंधू नावाची एक बाई, घरी नवरा, सासू पार्वताबाई आणि धाकटा दीर मारोती. पहाटे सगळे मोह वेचायला निघाले. गावाच्या शिवेवर सिंधूबाई मध्येच थांबल्या, "थांबा" म्हणाल्या आणि टोपली घेऊन रस्त्यातच खाली बसल्या. मारोती हसला. वहिनीला कामाचा कंटाळा आला म्हणाला आणि पुढे गेला. बाकीचे मागेपुढे करत थांबले. मारोतीचा आवाज त्यांनी ऐकला, फक्त एकदाच. मग वनखात्याची माणसं आली, पंचनामा झाला, वाघाच्या पावलांचे ठसे निघाले. सगळं रीतसर झालं.

काही दिवस गाव सिंधूबाईंना मानाने वागवत होतं. मग त्यांनी पुन्हा एका पहाटे "थांबा" म्हटलं. लोक थांबले, पण त्या दिवशी चरायला गेलेला एक गोऱ्हा वाघाने नेला. तिथून वारं फिरलं. तारा कोणालाच दिसत नाही, हिलाच कसा दिसतो? तारा पाहून ही सांगते, का ही बोलावते म्हणून वाघ येतो? ती जादू करते हा शब्द आधी नळावर आला, मग पारावर. पार्वताबाईंनी सुनेला घरात घेणं बंद केलं. नवरा आईच्या शब्दाबाहेर नव्हता. नळावर तिची घागर कोणी भरू देईना. गाव बसणार आणि तिचं काय करायचं ते ठरवणार, असं चाललं होतं. आमच्याकडे अशा बैठकांतून काय काय ठरतं ते वर्तमानपत्रात येतं, मी पुन्हा लिहीत नाही. पोलीस येऊन तंबी देऊन गेले होते.

"पोलीस जीपमधी बसून निंघून जातेत," गेडाम सर म्हणाले. "गाव इथीच राह्यते. तुमी या. आकाश दाखवा, अन् असा तारा नाई म्हणून सांगून टाका. मंग कायची जादू?"

मला ते बरोबर वाटलं. असा तारा नाही हे सांगायला माझ्याहून योग्य माणूस दोन जिल्ह्यांत नव्हता. आमचा ड्रायव्हर अस्लम वाटेत म्हणाला, साहेब, आज पहिल्यांदा आपण आकाश दाखवायला नाही, पुसायला चाललो. मी त्याला रस्ता बघ म्हटलं.

शाळेत पोचलो. सिंधूबाईंना सरांनी पोषण आहाराच्या खोलीत ठेवलं होतं, तिथं त्या पोत्यांना टेकून बसल्या होत्या. वयाने तिशीच्या पुढे, डोळे खोल गेलेले. मी त्यांना धीर द्यावा म्हणून सांगितलं की काळजी करू नका, तो तारा नाहीच असं मी सगळ्यांसमोर सांगतो.

त्यांनी माझ्याकडे नीट पाहिलं. "भाऊ, तुमी नाई म्हणसान तं मी खोटी नाई ठरत," त्या म्हणाल्या. "जे कोणाले दिसत नाई, ते मलेच दिसते, हेच तं ते म्हणून राह्यले. तुमी मशीन घिऊन येऊन तेच सांगसान."

सर दारात उभे होते, त्यांनी चष्मा काढून पुसायला घेतला. इतकी साधी गोष्ट आम्हा दोघा शिकलेल्यांच्या ध्यानात आली नव्हती म्हणावं, तर तसंही नाही. ध्यानात येणं सोयीचं नव्हतं. मी निघता निघता विचारलं, तो खरंच दिसतो का? त्या म्हणाल्या, "दिसते, म्हणून तं बसतो खाली. हौस हाये का मले?"

आमच्या पेटीत सुईदोरा नेहमी असायचा, घुमट उसवला की टाके घालायला. अस्लम बाहेर पंखा जोडत होता. मी नळकांडं मांडीवर घेतलं. मूळ नक्षत्र शोधलं, नांगीच्या खाली जरा डावीकडे बोटाने चाचपलं. तिथं पत्रा गुळगुळीत होता. गावोगाव ज्यांनी ज्यांनी कोपराने दाखवलं होतं ती जागा मला पाठ होती. सुई ठेवली आणि दगडाने ठोकली. ज्येष्ठेएवढं भोक झालं. त्यावर लाल जिलेटिनचा कपटा लावला. कपटा पहिल्यांदा वाकडा बसला तो बाबांमुळे, दुसरं काही नाही. असं मी तेव्हा तरी समजलो.

गाव आत आलं. बाया एका बाजूला, बाप्ये दुसऱ्या. पार्वताबाई सगळ्यांत पुढे, पदर घट्ट ओढून. सिंधूबाई शेवटी आल्या आणि बोगद्याच्या तोंडाशीच बसल्या, त्यांच्या आजूबाजूला जागा आपोआप मोकळी झाली. मी दिवा घालवला. डोळे अंधाराला सरावेपर्यंत वाट पाहावी लागते, त्या वेळात मी नेहमी विनोद सांगायचो. त्या दिवशी सांगितला नाही. मग आकाश लावलं आणि पहाटेपर्यंत आणलं. विंचू दाखवला, काळीज दाखवलं, नांगी दाखवली. पुढे काही न बोलता नळकांडं किंचित फिरवलं.

तो घुमटाच्या काठावरून वर आला. तांबडा, ठळक, स्थिर.

पंख्याची घरघर तेवढी ऐकू येत होती. मग पार्वताबाईंचा आवाज आला, अगदी लहान पोरीसारखा, "हा तं मलेबी दिसते."

पाठोपाठ मलेबी, मलेबी असं घुमटभर झालं. मी माझा शिकवायचा आवाज काढला. हा तारा कधीमधी तेज होतो, ज्याची नजर तेज त्याला आधी दिसतो, सवयीने सगळ्यांना दिसू शकतो, असं सांगितलं. यातलं एकही वाक्य कोणत्या पुस्तकात नाही. वाईट वाटतं का म्हणाल, तर वाटतं. पुन्हा तशी वेळ आली तर पुन्हा सुई घेईन, हेही तितकंच खरं आहे. पार्वताबाई अंधारात रडू लागल्या. मारोतीचं नाव घेत होत्या, आणि मध्येच म्हणाल्या, पोरीनं सांगतलं होतं रे तुले.

खेळ संपवायला मी बल्बचं बटण बंद केलं. सगळं आकाश गेलं. तो एक राहिला.

आता हे शांतपणे सांगतो. उजेडाचा ठसा डोळ्यांत काही वेळ राहतो, हे मीच पोरांना शिकवायचो. तो ओळखायची खूणही शिकवायचो: डोळे दुसरीकडे वळवले की ठसा बरोबर वळतो, कारण तो डोळ्यात असतो, बाहेर नसतो. मी डोळे उजवीकडे वळवले. तो डावीकडेच राहिला, त्याच्या जागी. मी खाली नळकांड्याकडे पाहिलं. तिथं मिट्ट काळोख होता. मी घाईघाईने मोठा दिवा लावला. लोक डोळे चोळत उठत होते. कोणाच्या चेहऱ्यावर काही नव्हतं. फक्त सिंधूबाई अजून त्याच जागेकडे बघत होत्या आणि त्यांचे ओठ किंचित उघडे होते. मी त्यांना काही विचारलं नाही, अस्लमलाही नाही. बाहेर पार्वताबाईंनी सुनेच्या हाताला धरलं आणि दोघी घराकडे गेल्या. मी ते पाहिलं आणि तेवढ्यावर समाधान मानलं.

चंद्रपूरला आल्यावर त्या भोकावर काळी पट्टी चिकटवली. निवृत्त झालो तेव्हा नळकांडं संस्थेत जमा केलं, तेव्हाही पट्टी जागेवर आहे का ते अंगठ्याने चाचपून पाहिलं होतं.

यंदा मोहाच्या दिवसांत गेडाम सरांच्या निरोप समारंभाला त्या गावी गेलो. मुक्काम शाळेतच केला आणि उजाडायच्या आधी निघायचं ठरवलं, कारण रस्ता जंगलातून आणि ऊन लवकर चढतं. सरांनी गप्पांत सांगितलं की गावाने आता रीतच पाडली आहे. मोहाच्या दिवसांत सगळे आधी शाळेच्या मैदानात जमतात, दक्षिणेकडे तोंड करून उभे राहतात. दिसला तर परत घरी, नाही दिसला तर टोपल्या घेऊन रवाना. म्हातारे पाहतात, पोरं पाहतात, कोणी एकट्याने सांगायचा प्रश्नच उरला नाही. मला ते ऐकून अभिमान वाटला, खोटं कशाला बोलू.

पहाटे उठलो तर मैदान मोकळं होतं. गावातलं एक लग्न गोंडपिपरीला होतं, समारंभ उरकून सगळे रात्रीच तिकडे गेलेले, सरही. एकट्या सिंधूबाई पायरीजवळ टोपली घेऊन उभ्या होत्या. केस पांढरे झालेले, अंगाने भरलेल्या, चांगल्या दिसत होत्या. बचत गटाच्या अध्यक्ष आहेत. पार्वताबाईंच्या डोळ्यांत मोतीबिंदू, म्हणून सासूजवळ त्या मागे राहिल्या होत्या आणि सासू उठेपर्यंत फुलं वेचून आणू म्हणून निघाल्या होत्या.

मी हसून विचारलं, मग आज काय म्हणतो तुमचा थांब्या?

त्यांनी वर पाहिलंच नाही. "मले नाई दिसत, भाऊ. तुमी दाखवला त्या दिवसापासून सगळ्याईले दिसते, मलेच नाई दिसत." मग म्हणाल्या, "तुमी तो गावाले वाटून टाकला. माह्या वाट्याचाबी गेला." तक्रार नव्हती. पिकलं पान गळालं तसं सांगत होत्या.

त्यांनी टोपली कमरेवर घेतली आणि जंगलाच्या वाटेकडे पाहिलं. झाडांत अजून काळोख होता, आणि पाखरू बोलत नव्हतं. "आज कोणीच नाई सांगाले," त्या म्हणाल्या. "तुमी पाहून देता का जरा?"

जिथं काही नाही हे मला नोकरीभर माहीत होतं, तिथं मी त्यांचा मान राखायला म्हणून पाहिलं. विंचू होता. काळीज होतं, नांगी होती. नांगीच्या खाली, जरा डावीकडे, झाडांच्या शेंड्यांवर तो होता. तांबडा, ठळक, न लुकलुकणारा. मी डोळे उजवीकडे वळवले. पुन्हा डावीकडे आणले. तो त्याच्या जागी होता. मी चष्मा काढला, पुसला, लावला. गाडीची चावी मुठीत होती, ती मी खिशात टाकली.

मी बोट दाखवलं नाही. माझ्या तोंडून शब्द आला तो माझाच होता का, हे मला आजही सांगता येत नाही.

"थांबा."

सिंधूबाईंनी आकाशाकडे पाहिलं नाही, माझ्या तोंडाकडे पाहिलं. बराच वेळ पाहिलं. मग टोपली खाली ठेवली आणि माझ्याजवळ पायरीवर बसल्या.

"एकट्याले दिसला म्हणून कोणाले सांगू नका, भाऊ," त्या हळूच म्हणाल्या. "मी सांगतलं होतं."

चांगलं उजाडेपर्यंत आम्ही दोघं तिथंच बसून राहिलो. आणि नको म्हटलेलं मी इथे लिहून टाकलं आहे.